सुया: शेंगदाण्याच्या कुटात घोळवून निखाऱ्यावर भाजलेलं मांस, आणि त्याच आगीवर भाज्याही

टिक्क्याची सवय झालेला हात मांस दिसलं की आधी दह्याच्या भांड्याकडे जातो. सुया करायचा असेल तर तो हात आवरावा लागतो. इथे दही नाही, लिंबू नाही, आलं-लसणाचं ओलं वाटणही नाही. पातळ कापलेलं मांस, शेंगदाण्याचं तेल आणि यजी नावाचा कोरडा मसाला, एवढ्यावर सगळं उभं आहे. त्या मसाल्याचा मुख्य घटक मराठी स्वयंपाकघरात कायम असतो, तो म्हणजे शेंगदाण्याचं कूट. मात्र आपलं कूट तेलकट असतं आणि यजीतल्या कुटाचं तेल काढून टाकलेलं असतं. सुया जमतो किंवा बिघडतो तो याच फरकावर, म्हणून या लेखात मांसापेक्षा कुटाबद्दल जास्त सांगणार आहे.

हा पदार्थ उत्तर नायजेरियातल्या हौसा लोकांचा. कानो, कादुना, सोकोटो या शहरांत संध्याकाळ झाली की रस्त्याच्या कडेला कोळसे पेटतात आणि ‘मै सुया’, म्हणजे सुया विकणारा, काड्या मांडून बसतो. हौसा समाजात खाटकाचा धंदा पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेला, त्यांच्या प्रमुखाला ‘सारकिन फावा’ असा मानाचा किताब असतो. मांस कुठून, कसं कापायचं याचं ज्ञान त्या घराण्यांत मुरलेलं आहे. हौसा व्यापारी दक्षिणेकडे गेले, इबादानमध्ये साबो आणि घानातल्या शहरांमध्ये झोंगो नावाच्या वस्त्या करून राहिले, आणि सुया त्यांच्याबरोबर गेला. घानात त्याला चिचिंगा म्हणतात, कॅमेरूनमध्ये सोया. लागोसमध्ये तर आज तो कुठल्या एका जमातीचा राहिलेलाच नाही.

मसाल्यात शेंगदाणाच का, याचं उत्तर कानोच्या बाजारात आहे. शेंगदाणा मूळचा दक्षिण अमेरिकेचा. पोर्तुगीजांच्या जहाजांतून तो आफ्रिकेत आला आणि उत्तर नायजेरियाच्या रेताड जमिनीत रुजला. १९११ साली रेल्वे कानोपर्यंत पोचली आणि भुईमूग हे तिथलं नगदी पीक झालं. रेल्वेची वाट पाहत पोत्यांवर पोती रचून उभे केलेले कानोचे ‘शेंगदाण्याचे पिरॅमिड’ जगभर छायाचित्रांतून गाजले. अल्हसन दांताता हा कानोचा व्यापारी याच धंद्यातून पश्चिम आफ्रिकेतला मोठा धनिक झाला. १९७० च्या दशकात खनिज तेलाचा पैसा आला, शेती मागे पडली आणि पिरॅमिड गेले. घरोघरी शेंगदाणे वाटून, तेल काढून, उरलेल्या चोथ्याचे तुकडे तळायची रीत मात्र टिकली. त्या तळलेल्या तुकड्यांना कुली-कुली म्हणतात. ते नुसते चघळतात, आणि कुटून यजीत घालतात.

कुली-कुली: हे काम आदल्या दिवशी उरका

सोपी पद्धत आणि खरी पद्धत, दोन्ही सांगतो. पहिल्यांदा करणाऱ्याने सोपीने सुरुवात करावी.

सोपी पद्धत अशी. २५० ग्रॅम शेंगदाणे जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर १५ ते २० मिनिटं भाजा. डाग पडू देऊ नका, कारण हे कूट पुढे पुन्हा आगीवर जाणार आहे आणि आताच करपलेलं असेल तर तिथे कडू होईल. सालं काढून पाखडा आणि पूर्ण गार होऊ द्या. कोमट दाणे मिक्सरमध्ये गेले की तेल सोडतात आणि लगदा होतो. गार दाणेसुद्धा एकदम फिरवू नका. दोन-तीन सेकंद फिरवायचं, थांबायचं, भांडं हलवायचं, पुन्हा फिरवायचं. रव्याइतकं जाडसर झालं की ते स्वच्छ सुती फडक्यात पसरून वर-खाली टिश्यू पेपर घाला, पुरचुंडी घट्ट करा आणि वर पाटा किंवा पाण्याने भरलेलं पातेलं ठेवा. अर्ध्या तासाने कागद तेलाने पारदर्शक झालेले दिसतील. ते बदलून पुन्हा दाबा. असं तीनदा. मग कूट हातानं मोकळं करून चाळणीतून चाळा. मुठीत दाबल्यावर लाडू वळला तर तेल अजून आहे. मूठ उघडताच भुगा सुटला तर झालं.

खऱ्या पद्धतीत दाणे आधी पूर्ण लगदा होईपर्यंत वाटतात. परातीत तो लगदा घेऊन त्यात एकेक चमचा गरम पाणी घालत कणकेसारखा मळायचा. २५० ग्रॅमला दोन-तीन मोठे चमचे पाणी पुरतं. मळता मळता एका क्षणी तेल वेगळं सुटून परातीत साचू लागतं. गोळा फडक्यात पिळून तेल वाटीत काढून ठेवा, ते पुढे मांसाला लागेल. उरलेल्या घट्ट गोळ्यात चिमूटभर मीठ, सुंठ आणि तिखट मळा, करंगळीएवढ्या जाड वळ्या करा आणि मध्यम-मंद आचेवर तांबूस, कडक होईपर्यंत तळा. तेल फार तापलं की त्या वरून काळ्या आणि आतून ओल्या राहतात. गार झाल्यावर खलबत्त्यात कुटा. या पुडीला जो खमंगपणा असतो तो दाबलेल्या कुटाला येत नाही.

पेंड वापरता येईल का, हा प्रश्न मराठी माणसाच्या मनात येणारच. जनावरांच्या खाद्याची पेंड अजिबात नको. तिच्यात बुरशी लागलेले दाणे असू शकतात आणि शेंगदाण्यावरची ती बुरशी अफ्लाटॉक्सिन नावाचं विष तयार करते. या विषाचा शोध १९६० साली इंग्लंडमध्ये हजारो टर्की पक्षी मेले तेव्हा लागला, आणि त्यांच्या खाद्यातही शेंगदाण्याची पेंडच होती. निवडलेले, खाण्याजोगे दाणे समोर टाकून तेल काढून देणारा लाकडी घाणा ओळखीचा असेल तर त्याच दिवशीची ताजी पेंड मागून घ्यायला हरकत नाही. व्यायामवाल्यांसाठी मिळणारी कमी चरबीची शेंगदाणा पावडरही चालते, फक्त डब्यावर साखर नाही हे पाहा. गोड पावडर निखाऱ्यावर दोन मिनिटांत काळी होते.

यजी

प्रत्येक मै सुयाचं यजी वेगळं आणि तो ते सांगत नाही. खालचं प्रमाण अर्धा किलो मांस, एक-दोन काड्या भाजी आणि ताटात वरून घ्यायला थोडं, एवढ्याला पुरतं.

– तेल काढलेलं शेंगदाण्याचं कूट किंवा कुली-कुलीची पूड: १०० ग्रॅम
– सुंठ पूड: दीड मोठा चमचा
– लवंगी मिरचीचं तिखट: १ मोठा चमचा
– ब्याडगी मिरचीची पूड: १ मोठा चमचा
– कांद्याची पावडर: १ मोठा चमचा
– लसणाची पावडर: १ लहान चमचा
– लवंगा: ४, भाजून कुटलेल्या
– सेलिमचे दाणे: ३ शेंगा
– स्वर्गदाणे: अर्धा लहान चमचा
– सूप क्यूब: १, चुरडलेला
– मीठ: १ लहान चमचा, नंतर चवीप्रमाणे

शेवटून तिसरा-चौथा जिन्नस अडवणार. सेलिमचे दाणे म्हणजे पश्चिम आफ्रिकेतल्या एका झाडाच्या काळसर, सुरकुतलेल्या शेंगा. त्या धुरावर वाळवतात, म्हणून वासाला धुरकट आणि किंचित कस्तुरीसारख्या. आतल्या बिया कडवट, वास सालीत असतो. आपल्याकडे याच्या सर्वांत जवळ जाते मसाला वेलची, कारण तीही धुरावरच वाळवलेली असते. एक वेलची सालासकट भाजून, चार-पाच मिऱ्यांबरोबर कुटा. स्वर्गदाणे हे आल्या-वेलदोड्याच्या कुळातलं बी, मिऱ्यासारखं झणझणीत पण सुगंधी. त्याच्या जागी पाव चमचा मिरपूड आणि एका हिरव्या वेलदोड्याचे दाणे. वेलदोडा जास्त झाला तर यजीला श्रीखंडाचा वास येतो, तेव्हा एकच.

सूप क्यूब पाहून नाक मुरडू नका. मॅगीचा क्यूब पश्चिम आफ्रिकेच्या स्वयंपाकात इतका मुरलाय की तो काढला तर चव ‘घरची’ लागत नाही. नसेल तर थोडं जास्त मीठ घाला.

लवंगीच्या बाबतीत हात आखडू नये असं माझं मत आहे. सुया तिखटच असतो. शेंगदाणा तिखटपणाची धार बोथट करतो, त्यामुळे नुसतं यजी जिभेवर ठेवून जे तिखट वाटतं ते मांसावर निम्मंच लागतं. गरम मसाला, धणे, जिरं, हळद यातलं काहीही घालू नका. धण्याची चिमूट पडली की तो नागपूरचा किंवा कोल्हापूरचा कुठला तरी पदार्थ होतो, वाईट नाही, पण सुया नाही.

सगळं एकत्र करून कोरड्या कढईत अगदी मंद आचेवर दोन मिनिटं परता, गार करा, आणि लगेच दोन भाग करा. एक कच्च्या मांसाला लावायला, दुसरा भाजून झाल्यावर वरून घ्यायला. कच्च्या मांसाचा हात लागलेलं यजी ताटात येता कामा नये. उरलेलं घट्ट झाकणाच्या बरणीत फ्रिजमध्ये महिनाभर राहतं. बाहेर ठेवलंत तर खवट होईल.

मांस

मूळ सुया गोमांसाचा. त्यातही ‘तोझो’, म्हणजे बैलाच्या वशिंडाचं चरबीदार मांस, याला विशेष मागणी. महाराष्ट्रात गोवंशहत्याबंदीचा कायदा असल्यामुळे तो मार्ग बंद आहे. पण मेंढ्याचा, कोंबडीचा, कलेजीचा आणि पेटाचा सुया नायजेरियातही सर्रास मिळतो, तेव्हा मटण-चिकन वापरणं ही काही तडजोड नव्हे.

चिकन असेल तर मांडीचंच घ्या. छातीचं मांस पातळ कापून कोरड्या मसाल्यात घोळवलं की निखाऱ्यावर चामडं होतं. बोकडाचं असेल तर मागच्या मांडीचं बिनहाडाचं, अर्धा किलो, आणि त्याबरोबर ५० ग्रॅम चरबी मागून घ्या. खाटकाला ‘टिक्का पीस’ म्हणू नका, तो चौकोनी तुकडे करून देईल. अख्खा तुकडा आणून घरीच कापा.

कापणं हे सुयाचं खरं कसब. तुकडा पाऊण तास फ्रीझरमध्ये ठेवा. गोठायला नको, नुसता आवळून आला पाहिजे. मग धारदार सुरीने रेषांना आडवं, ३ ते ४ मिलीमीटर जाडीचं, साधारण तीन बोटं रुंद कापा. रेषा कुठल्या दिशेने जातात ते कापण्याआधी नीट पाहा. त्यांच्या दिशेनेच कापलंत तर कितीही मुरवलंत तरी दातांत अडकणार. एवढ्या पातळ कापावर मांस मऊ करायला दुसरं काही लागत नाही. बोकड जून असेल तर मात्र अर्धा लहान चमचा कच्च्या पपईचा कीस चोळून अर्धा तास ठेवा आणि पुसून टाका. त्याहून जास्त वेळ ठेवलंत तर पातळ कापांचा लगदा होतो.

काप फडक्याने कोरडे करा. दोन मोठे चमचे शेंगदाणा तेल आणि अर्धा चमचा मीठ चोळा. कुली-कुली करताना निघालेलं तेल असेल तर तेच. मग मांसासाठी काढलेलं यजी एका ताटात पसरा आणि प्रत्येक काप दोन्ही बाजूंनी त्यावर तळहाताने दाबा. शिंपडू नका, दाबा.

बांबूच्या काड्या तासभर पाण्यात भिजवलेल्या असाव्यात. काप काडीवर ओवताना धावदोरा घालतो तसं, वर-खाली करत, शेवटी सपाट पसरवायचं. गोळा करून खोचलं की आतली घडी कच्ची राहते. दर दोन-तीन कापांनंतर चरबीचा नखाएवढा तुकडा. काडीचं खालचं चार बोटं टोक मोकळं ठेवा. ओवलेल्या काड्या झाकून फ्रिजमध्ये किमान एक तास, जास्तीत जास्त रात्रभर. आम्ल नसल्यामुळे रात्रभरातही मांस फुटत नाही.

आग

लाकडी कोळसाच घ्या. इस्त्रीवाला कुठून आणतो ते विचारा, चांगला कोळसा तिथे मिळतो. दगडी कोळशाचा धूर गंधकाचा असतो, त्यावर अन्न भाजू नये. पेटवायला रॉकेल नको, वास शेवटपर्यंत जात नाही. नारळाची वाळलेली सोडणं आणि कापराच्या दोन वड्या पुरतात. कोकणात घर असेल तर करवंट्या घाला. त्यांची आच सणसणीत असते, पण आधी जोरात भडकतात, तो भडका बसू द्यावा लागतो.

कोळशावर राखाडी साय धरेपर्यंत २५ ते ३० मिनिटं थांबा. बहुतेकांचा सुया इथेच बिघडतो. ज्वाळा दिसत असताना काड्या ठेवल्या की कूट जळतं आणि मांस कच्चं राहतं. निखारे शेगडीच्या एका बाजूला ओढून ठेवा, दुसरी बाजू जवळपास मोकळी. तळहात जाळीच्या वर चार-पाच इंचांवर धरा. तीन-चार सेकंद धरवला तर आच बरोबर. त्याआधीच ओढून घ्यावा लागला तर अजून थांबा.

उत्तर नायजेरियात जुन्या पद्धतीने भाजताना जाळीच नसते. निखाऱ्यांभोवती माती किंवा वाळूचा कडा करून त्यात काड्या आतल्या बाजूला झुकवून रोवतात. मांस आगीच्या वर नसतं, शेजारी असतं. चरबी निखाऱ्यावर ठिबकत नाही, भडका उडत नाही, आणि कूट हळूहळू खरपूस होत जातं. अंगण असलेल्यांनी हे जरूर करून पाहावं. विटांचं गोल कडं, मध्ये निखारे, विटांच्या मागे ओल्या वाळूत काड्या. वेळ दुप्पट लागतो, आणि माझ्या मते चवही दुप्पट.

गच्चीवर करत असाल तर सोसायटीला विचारून करा. बंद बाल्कनीत किंवा खोलीत कोळसा पेटवूच नका. कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो.

भाजणं

काड्या आधी मंद बाजूला ठेवा. दोन मिनिटांनी उलटा, पुन्हा दोन मिनिटं. कूट मांसाला घट्ट बसलं की शेंगदाणा तेलात बुडवलेला ब्रश हलकेच फिरवा आणि काड्या तेजीच्या बाजूला सरकवा. इथे काडी सोडून गप्पा मारायला जाऊ नका. दर अर्ध्या मिनिटाला फिरवा. रंग भाजलेल्या शेंगदाण्याचा, कडा थोड्या काळ्या, आणि काड्यांवरून आलेला वास तिळकुटासारखा खमंग आला की काढा. पातळ चिकनला एकूण सहा ते आठ मिनिटं, बोकडाला आठ ते दहा. चिकनचा सर्वांत जाड काप कापून पाहा. आत गुलाबी नको, रस स्वच्छ हवा. थर्मामीटर असेल तर ७४ अंश सेल्सियस.

काढल्याबरोबर, तेल अजून चुरचुरत असतानाच, स्वच्छ यजी वरून भुरभुरवा.

नायजेरियातले विक्रेते काड्या आधी अर्ध्या भाजून ठेवतात आणि गिऱ्हाईक आलं की पुन्हा आगीवर धरतात. घरी ही नक्कल करू नये, निदान चिकनच्या बाबतीत नाहीच.

शेगडी नसेल तर बिडाचा तवा. कडकडीत तापवून तेलाचा हात फिरवा आणि काड्या तव्यात मावतील अशा कापून प्रत्येक बाजू दोन-अडीच मिनिटं भाजा. ओव्हन असेल तर वरची जाळी, ग्रिलवर २२० अंश, प्रत्येक बाजू चार-पाच मिनिटं, काडीच्या टोकांना फॉइल. दोन्हींत धुराचा वास नसतो, तेव्हा मसाला वेलची थोडी वाढवा.

भाज्या

हौसा सुयात भाजी ही मांसाच्या मधला कांदा आणि फार तर भोपळी मिरची. पण त्याच रस्त्यांवर, त्याच निखाऱ्यांवर दुसरी भाजणी चालूच असते. दक्षिण नायजेरियात पिकलेली भाजीची केळी भाजून ‘बोली’ म्हणून शेंगदाण्यांबरोबर खातात. याम नावाचा मोठा कंद सोलून निखाऱ्यावर भाजतात आणि पाम तेलाच्या तिखट रश्शात बुडवून खातात. याचे सख्खे भाईबंद आपल्याकडे आहेत. यामच्या जागी कोनफळ (त्याच कुळातलं), आणि त्या केळ्याच्या जागी राजेळी, वसईकडची सुकेळी जिची करतात ती.

कोनफळ सोलून दोन सेंटीमीटरचे तुकडे मिठाच्या पाण्यात सात-आठ मिनिटं, सुरी जेमतेम जाईल इतके उकडा. राजेळी पिवळी, काळे ठिपके येऊ लागलेली घ्या. कच्ची राठ लागते, फार पिकलेली काडीवरून गळते. सालासकट जाड चकत्या करा, साल चकतीला धरून ठेवते. वांग्याला कापल्याबरोबर मीठ लावून १५ मिनिटांनी पाणी पिळून काढा.

आणि पनीर. नायजेरियात फुलानी गुराखी स्त्रिया ‘वारा’ नावाचं ताजं चीज करतात, जे भाजलं-तळलं तरी वितळत नाही. घानात आणि बेनिनमध्ये त्याचा भाऊ वागाशी. ते दूध फाडायला त्या रुईच्या जातीच्या झाडाचा पाला वापरतात. आपण हे घरी करायला जाऊ नये. रुईचा चीक विषारी असतो आणि तिथे पाल्याचं प्रमाण पिढ्यांच्या सवयीने ठरलेलं आहे. आपलं घट्ट पनीर त्या जागी अगदी फिट बसतं.

भाजीवर यजी टिकत नाही ही मुख्य तक्रार. कारण पाणी. म्हणून भाजी कोरडी करा, तेलात घोळवा, निम्मी भाजून घ्या, आणि शेवटच्या दोन मिनिटांतच यजीत लोळवून पुन्हा आगीवर धरा. मांसासारखं आधी लावून ठेवलंत तर मसाला ओला होऊन जाळीला चिकटतो. एका काडीवर एकच भाजी ओवा. रंगीबेरंगी मिश्र काड्या फोटोत छान दिसतात आणि खाताना टोमॅटो गळालेला आणि कोनफळ कच्चं निघतं. शाकाहारी मंडळी असतील तर त्यांच्या काड्या आधी भाजा, आणि त्यांचा ब्रश, यजीची वाटी वेगळी ठेवा.

ताटात

लागोसमध्ये सुया वर्तमानपत्रात बांधून देतात, कच्च्या कांद्याच्या चकत्या, टोमॅटो, कधी कोबी आणि यजीचा ढीग यांच्यासह. शाई पोटात जाऊ नये म्हणून आपण केळीचं पान घेऊ. कांदा पाण्यात धुऊन त्याचा उग्रपणा घालवू नका, इथे तो हवा असतो.

सोबत हौसा लोक ‘मासा’ खातात. भिजवलेले तांदूळ वाटून, थोडा शिजवलेला भात त्यात मिसळून, यीस्टने फुगवलेलं पीठ खळगे असलेल्या मातीच्या तव्यात भाजलेलं. आपलं आप्पेपात्र यासाठीच घडवलंय असं वाटावं. दोन वाट्या जाड तांदूळ रात्रभर भिजवून, अर्धी वाटी भातासह बारीक वाटा. अर्धा लहान चमचा यीस्ट, दोन चमचे साखर, मीठ घालून दीड-दोन तास फुगवा आणि तेल सोडून दोन्ही बाजूंनी भाजा. उडीद डाळ नको, आंबोळीची चव येईल. प्यायला झोबो: लाल अंबाडीची वाळलेली बोंडं आलं-लवंगेबरोबर उकळून, गाळून, गार करून. विदर्भात बोंडं सहज मिळतात.

पाहुण्यांना ताट देण्याआधी शेंगदाण्याची ॲलर्जी कोणाला आहे का हे विचाराच. असेल त्याच्यासाठी दुसऱ्या किनाऱ्यावरचा पदार्थ करा.

शेंगदाणा चालत नसेल तर: मिशकाकी

टांझानिया, झांझिबार आणि मोम्बासाच्या किनाऱ्यावरची ही काडी आपल्या हाताला सुयापेक्षा सोपी जाईल, कारण हिंदी महासागरातून आलेली-गेलेली चव आहे. झांझिबारच्या स्टोन टाउनमध्ये फोरोधानी बागेच्या रात्रीच्या बाजारात ती हमखास दिसते. इथे ओलं वाटण चालतं. अर्धा किलो बिनहाडाच्या बोकडाचे दोन सेंटीमीटरचे चौकोन, एक मोठा चमचा कच्च्या पपईचा कीस, आलं-लसूण वाटण दोन चमचे, एका लिंबाचा रस, दोन चमचे टोमॅटो पेस्ट, अर्धा चमचा जिरेपूड, मिरपूड, तिखट, मीठ, तेल. तीन-चार तास मुरवा, काड्यांवर दाटीने ओवा आणि मध्यम निखाऱ्यावर १२ ते १५ मिनिटं फिरवत भाजा. शेजारी ‘उक्वाजू’, म्हणजे चिंचेचा कोळ, मिरची, लसूण आणि चवीपुरती साखर उकळून केलेली पातळ चटणी. त्यात खोबरं-गूळ घालून आपली भेळेची चटणी करायचा मोह टाळा.

मोझांबिकची पिरी-पिरी मिरची लावून भाजलेली कोंबडीही याच किनाऱ्याची. गोव्यातलं काफ्रेआल पोर्तुगीज राजवटीत तिकडूनच आलं असं मानतात, पण त्याच्या हिरव्या वाटणाला स्वतंत्र लेख लागेल.

उरलेल्या सुयाचे काप काडीवरून काढून, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा, दोन दिवस टिकतात. दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हमध्ये गरम केले तर कूट ओलं पडतं. तव्यावर, झाकण न ठेवता, थेंबभर तेलावर परता, भरपूर कांदा घाला आणि गरम भाकरीत गुंडाळा. नुसतं यजी उरलं असेल तर उकडलेल्या अंड्यावर, भाजलेल्या मक्याच्या कणसावर आणि काकडीवर. कणसावर लावताना लिंबू नको, तेलाचा हात पुरे.